यमुनाआत्याची लुगडी

पारगावचा पूल ओलांडला की यंदाही दोन्ही हातांना ऊस तुऱ्यावर आलेला दिसतो. कारखान्याची तोड लांबली आहे, थंडी मुक्काम ठोकून बसली आहे, आणि भीमेच्या कडेकडेनं पार मांडवगणपर्यंत करडा-पांढरा, रेशमी पट्टा वाऱ्यावर हलतो आहे. सकाळी ऊन तिरपं असतं तेव्हा प्रत्येक तुऱ्याला उजेडाची बारीक किनार लागते. एसटीच्या खिडकीला बसलेली कॉलेजची पोरं मोबाईल बाहेर धरून फोटो काढतात. ज्याचा ऊस असतो तो मात्र तिकडं बघतसुद्धा नाही. तुरा आला म्हणजे वाढ खुंटली, कांडी आतून भेंडाळत जाणार, वजन घटणार. सिनेमावाल्यांना गाण्यासाठी हाच ऊस लागतो. शेतकऱ्याला तो बघवत नाही.

मलाही बघवत नाही. माझं कारण वेगळं आहे.

मी कविता करणारी बाई नाही. कॉलेजात होते तेव्हापासून मी पत्रकं लिहिते. रेशनवर लिहिली, भारनियमनावर लिहिली, शिक्रापूरच्या खोल्यांमध्ये दाटीवाटीनं राहणाऱ्या कामगारांच्या पाण्यावर लिहिली. पत्रकाची एक शिस्त असते. वरती हाक, मग आरोप, शेवटी मागणी, आणि सगळं एका पानात. ऊन, तुरे, किनार यांना तिथं जागा नसते. पण चार वर्षांपूर्वीचा एक हंगाम, मार्गशीर्षातून पौषात सरकलेला, माझ्याकडून एका पानात बसत नाही. मी प्रयत्न करून पाहिला आहे.

यमुनाआत्या म्हणजे माझ्या वडिलांची चुलत बहीण. यमुना ओव्हाळ. तुम्ही तिला पाहिलेलं आहे आणि तुम्हाला तिचं नाव माहीत नाही, हे मी पैजेवर सांगते. कंदील वर धरून 'गरम पाणी आणा' म्हणणारी सुईण, ती. हिरोच्या आईच्या प्रेताशेजारी पदर तोंडात कोंबून बसलेली शेजारीण, ती. पाटलाच्या सोप्यावर चहाचा ट्रे घेऊन येणारी, ट्रे ठेवणारी आणि मान खाली घालून जाणारी, तीच. सत्तरच्या दशकात तिनं सुरुवात केली. रंगीत सिनेमा आला, विनोदी सिनेमाची लाट आली नि गेली, नव्वदनंतर घराघरांवर केबलच्या वायरी लोंबू लागल्या, तरी आत्याचा ट्रे काही सुटला नाही.

दौंडला तिचा सिनेमा लागला की आमचे अण्णा, म्हणजे माझे वडील, सगळ्या घराला घेऊन जायचे. अण्णा रेल्वेत होते, वेळेचे पक्के, त्यामुळं नावं सुरू व्हायच्या आधी आम्ही खुर्चीत असायचो. नावं येऊ लागली की अण्णांचे ओठ हलायचे. हिरो, हिरोईन, खलनायक, मग बारीक अक्षरात आणखी दहा-बारा, आणि तळाशी 'आणि इतर'. अण्णांचे ओठ तिथं मिटायचे. आत्यानं त्या दोन शब्दांत तीस वर्षं काढली. पुढं कधीतरी अंधारात अण्णा माझ्या गुडघ्यावर हात मारून कुजबुजायचे, "आली, आली." मी डोळे फाडून बघेपर्यंत दारातून पाठमोरी जाणारी एक बाई दिसायची.

मांडवगणच्या अलीकडं नदीकाठी तिचं बालपण गेलं. जयंतीच्या गायन पार्टीत ती चौदाव्या वर्षी उभी राहिली. आवाज दणदणीत, कपाळ रुंद, हात मोठे आणि रंग काळा. कुणी नाटकवाल्यानं तिला हेरून पुण्याला नेलं, तिथून ती सिनेमात गेली. पहिल्याच सिनेमाच्या वेळी दिग्दर्शकानं तिला आरशासमोर उभं करून सांगितलं होतं, "तू गरीब चांगली दिसतेस." आत्या हे हसून सांगायची. मी लहान होते तेव्हा मीही हसायचे. नंतर मला त्या वाक्यानं झोप येईनाशी झाली. माणूस गरीब असतो किंवा नसतो. 'गरीब चांगली दिसणं' ही काय नोकरी आहे? आणि ती नोकरी आमच्याच वस्तीतल्या बायकांना बरी मिळते.

आता लुगड्यांबद्दल.

आत्या हंगामात दौंडला घरी यायची ती रिकाम्या हातानं येत नसे. तिच्या ट्रंकेत चार-पाच कोरी लुगडी असायची. सकाळी ती एक-दोन पिशवीत घालून वरवंडला, मांडवगणला, नाहीतर वाटेतल्या एखाद्या वस्तीवर जायची, मला बरोबर घेऊन. थंडीत गुऱ्हाळाचा गोड धूर अंगाला चिकटायचा. वारा फिरला की कारखान्याच्या मळीचा आंबूस वास यायचा. तुऱ्यांची पिसं उडून केसांत बसायची. एखाद्या अंगणात आत्या टेकायची, घरच्या बाईशी पाणी-पाऊस, सुना-लेकी बोलायची, आणि बोलता बोलता नजरेनं तिचं अंगावरचं लुगडं चाचपायची. शेवटी म्हणायची, "बाई, हे मला दे. हे कोरं तू घे."

बायका आधी लाजायच्या. विटलेलं, उन्हानं खांद्यावर पांढरं पडलेलं, मधला जीर्ण भाग कापून दोन टोकं जोडलेलं, म्हणजे दंड घातलेलं लुगडं कुणी मागतं का? पण आत्याला तेच हवं असे. सिनेमातला ड्रेसवाला कोऱ्या साडीवर चहाचं पाणी शिंपडून ती जुनी करतो आणि ते खोटं दिसतं, असं तिचं म्हणणं. पाण्याचा हंडा डाव्या कमरेवर घेणाऱ्या बाईचं लुगडं डावीकडंच विरतं. चुलीपुढं बसणारीचं गुडघ्याशी विटतं. आत्या लुगडं हातात घेऊन ते सगळं वाचायची. मग त्या बाईला म्हणायची, जरा विहिरीपर्यंत चालून दाखव. बाई हसत हसत चालायची. आत्या मागून बघायची, आणि परतीच्या वाटेवर, उसाच्या दोन भिंतींमधून, माझ्यापुढं तीच बाई चालत असायची. तोच डावा खांदा उतरलेला, तीच टाच आधी टेकणारी चाल. मला त्या वाटेवर भीती वाटायची. आत्या कुठं गेली, असं वाटायचं.

ट्रंकेतल्या प्रत्येक लुगड्याला आत दोरीनं एक चिठ्ठी बांधलेली असे. त्यावर बाईचं नाव आणि गाव. हे मला तेव्हाही माहीत होतं. चिठ्ठ्या लिहून देणारी मीच होते. म्हणून पुढं जे घडलं त्याला माझ्याकडं सबब नाही.

वरवंडच्या सोनाबाईचं इरकल त्याच ट्रंकेत होतं. सोनाबाई धनगराची. तिच्या सासऱ्याच्या हयातीपर्यंत घरची मेंढरं होती, चार महिने पायपीट असायची. आता बागायत आहे, पक्कं घर आहे, पण सोनाबाई अजून अशी चालते की पुढं कळप आहे. आत्यापेक्षा दोन-तीन वर्षांनी मोठी, जिभेची तिखट. तिनं आत्याला आधी साफ नाही सांगितलं होतं. इरकल तिच्या आईचं होतं, गर्द निळं, काठ झिजून मऊ पडलेलं. आई गेल्यावर ते वाकळीत शिवायचं म्हणून ठेवलेलं. आत्या दोन वर्षं जात राहिली. तिसऱ्या वर्षी सोनाबाईनं ते स्वतः काढून दिलं आणि कोरं लुगडं घ्यायला नकार दिला. म्हणाली, बदली काय घ्यायची, आईचं हाय.

ते इरकल आत्यानं कित्येक वर्षं कुठल्याच सिनेमात नेसलं नाही. मोलकरणीला ते नेसवायचं नाही, असं तिनं ठरवलं होतं.

आणि मग मालिका आली. संध्याकाळी साडेसातची, रोजची, मोठ्या बागायतदार घराण्याची. शूटिंग शिक्रापूरच्या अलीकडं आत घेतलेल्या एका फार्महाऊसवर. आत्याला थोरल्या काकीचं काम मिळालं, सगुणाकाकीचं. साठीला पोचलेल्या आत्याच्या पात्राला पहिल्यांदा नाव होतं, घरात खोली होती, कडोसरीला किल्ल्या होत्या. पहिल्या भागात सून येते आणि सगुणाकाकीच्या हातात चहाचा कप देते. अण्णा तोवर गेले होते. मी एकटीनं तो कप पाहिला आणि मला रडू फुटलं. सुरुवातीच्या नावांत एक पूर्ण चौकट आत्याची होती. 'यमुना ओव्हाळ.' दोनच सेकंद, पण एकटीची. आणि अंगावर ते निळं इरकल.

आमच्याकडं तेव्हा भारनियमनानं संध्याकाळ खाऊन टाकलेली. वरवंडला हायवेच्या एका ढाब्यावर जनरेटर होता. साडेसातला गावातल्या बायका तिथं जमायच्या. पोत्यावर बसायच्या, मांडीवर पोरं, अंगावर शाली. बाजेवर जेवणारे परप्रांतीय ड्रायव्हर त्यांच्यामुळं मान वाकडी करून टीव्ही बघायचे. एकजण कुरकुरला, "अम्मा, थोड़ा नीचे बैठो, सास दिखती नहीं." सोनाबाईनं मागं वळून त्याला सांगितलं की ती सास न्हाई, ती माझी आई हाय, गप जेव. सगळा ढाबा हसला. सोनाबाई हसली नाही. तिनं पडद्यावर तिच्या मेलेल्या आईला अंगण ओलांडताना पाहिलं होतं.

मी त्या वेळी चोविशीत होते आणि मला सगळं कळत होतं.

पौषाच्या तोंडावर दौंडला आत्याचा जाहीर सत्कार ठरला. गावचा कलावंत, मांडव, पाहुणे, मालिकेचे लोक, शाल-श्रीफळ. ज्यांनी तीस वर्षांत तिचं नाव विचारलं नाही ते आता तिच्या शेजारी फोटोला उभे राहणार, याचा मला संताप आला. तो संताप खोटा नव्हता, आजही नाही. एका रात्रीत मी पत्रक लिहिलं. मथळा होता, 'कलावंत की मोलकरीण?' त्यात मी विचारलं की तीस वर्षं या बाईचं नाव 'आणि इतर'मध्ये कुणी गाडलं? सावळ्या रंगाला आणि आमच्या आडनावाला फक्त ट्रेच का दिला जातो? मग पत्रकाला जोर यावा म्हणून एक वाक्य घातलं. 'या थोर कलावतीला तुम्ही तीस वर्षं चिंध्या नेसवल्या.'

वाक्य मला फार आवडलं होतं. छापखान्यात कंपोझ होऊन आलं तेव्हा ते मी मोठ्यानं वाचून दाखवलं. आत्याला मात्र वाचून दाखवलं नाही.

सत्कारात पत्रकाचा गुलाबी कागद हातोहात गेला. स्टेजवरही गेला. पाहुण्यांचं भाषण चालू असताना आत्यानं चष्मा लावून तो वाचला, चौघडी घातली आणि कमरेला खोचला. बोलायला तिचं नाव पुकारलं. ती माईकपाशी आली. उभी राहिली. सभेत पहिल्या दोन रांगा वरवंड-मांडवगणच्या बायकांच्या होत्या, टेम्पो करून आलेल्या. आत्यानं त्यांना हात जोडले आणि एक शब्द न बोलता जागेवर जाऊन बसली. मला वाटलं, गहिवरली. मला अभिमानसुद्धा वाटला.

तिच्या भाषणाचा कागद मला नंतर सापडला, ट्रंकेवर. त्यावर फक्त बायकांची नावं होती. ज्यांची ज्यांची लुगडी ती नेसली त्यांची, गावासकट, तिच्या स्वतःच्या वाकड्या अक्षरात. ती स्टेजवरून ती यादी वाचणार होती. मी वाटलेला कागद बायकांच्या हातात असताना आत्या ती कशी वाचणार? मी सगळ्या सभेला सांगून टाकलं होतं की त्या चिंध्या आहेत.

बाजारच्या दिवशी सोनाबाई आत्याच्या घरी आली. पिशवी खाली ठेवली नाही. आत्या आत चुलीशी होती, मी बाहेर.

"लिहिणारी तूच का गं?"

मी हो म्हणाले.

"मंग वाच. नातीनं वाचलंय, पर मला तुज्या तोंडानं ऐकायचंय."

मी वाचायला लागले. सभेत वाचते तसा आवाज लागेना. त्या वाक्याला आले तशी तिनं हात वर केला.

"थांब. चिंध्या कुणाच्या?"

मी म्हणाले, मावशी, तो सिनेमावाल्यांवरचा आरोप आहे, तुमच्यावर नाही.

"सिनेमावाल्यांनी कवा दिली लुगडी? आम्ही दिली. माज्या आईनं ते निळं नेसून मला कडंवर घिऊन मेंढरामागं घाट चढलेत. यमुना म्हनली, सोने, तुजी आई मी चालवून दावते. आन् दावली. म्या बघितली. तू तिला चिंधी म्हनलीस, छापून."

आतून आत्यानं एवढंच विचारलं, साखर किती घालू. सोनाबाई चहा प्यायली, उभ्याउभ्याच. कप खाली ठेवताना म्हणाली, "तुजा म्हून पिले, यमुना. हिच्या घरचा असता तर न्हाई."

ती गेल्यावर आत्यानं तिचा कप विसळून पालथा घातला. मग म्हणाली, "सुजा, तू मला इचारलं न्हाईस."

"विचारलं असतं तर तू नको म्हणाली असतीस."

"व्हय. म्हून तर इचारायचं असतं."

एवढ्यावर संपलं असतं तरी मला जन्मभर पुरलं असतं. पण पत्रक हायवेनं शिक्रापूरपर्यंत गेलं होतं. दोन दिवसांनी मालिकेचा प्रॉडक्शन मॅनेजर जीपनं आला. माणूस नम्र, चप्पल बाहेर काढून आला. मॅडम, चॅनेलवाले अपसेट आहेत, म्हणाला. एक छोटंसं लेटर आहे, सही केली की विषय क्लोज. लेटरमध्ये लिहिलं होतं की पत्रकातला सगळा मजकूर खोटा आहे, या सिनेसृष्टीनं मला कायम मानानं वागवलं, माझी कधीही काही तक्रार नव्हती आणि नाही. सही नसेल तर सगुणाकाकीचा ट्रॅक संपवावा लागेल, हे त्यानं जमिनीकडं बघत सांगितलं.

आत्यानं चष्मा पुसून लेटर दोनदा वाचलं. मी कोपऱ्यात उभी. ज्या कामाची तिनं आयुष्यभर वाट पाहिली ते त्या कागदाच्या तळाशी, सहीच्या दोन बोटं रिकाम्या जागेवर येऊन थांबलं होतं.

"लुगड्याचं खोटं हाय," ती मॅनेजरला म्हणाली. "ते मी लिहून देते. आत्ता, माज्या हातानं, आमच्या पोरीचं चुकलं म्हून. पर नावाचं खरं हाय. ते खोटं कसं म्हनू?"

"आता येतंय ना मॅडम नाव तुमचं? अख्खी फ्रेम आहे."

"आता येतंय. आमच्या भावाच्या वेळचं कोन आनून देनार?"

मला वाटत होतं, थिएटरातले अण्णांचे ते ओठ, ते मिटणं तिला ठाऊकच नव्हतं. तिनं ते कुठून पाहिलं होतं मला माहीत नाही.

मॅनेजर म्हणाला, अर्धं चालणार नाही, सगळं तरी नाहीतर काहीच नाही. आणि इथं मी जे केलं ते आजवर कुठं लिहिलेलं नाही. मी, जी चौकाचौकात ओरडून सांगते की दबावाखाली सही करू नका, ती मी पुढं झाले आणि म्हणाले, "आत्या, कर सही. माझं सगळंच खोटं म्हण. मी काही मनाला लावून घेणार नाही."

आत्यानं माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही. कागद मॅनेजरच्या हातात परत दिला.

"कवा मरायचं तेवढं कळवा," म्हणाली. "म्हंजी तसं लुगडं काढून ठेवते."

मालिकेत माणूस घालवायचा असेल तर फार खर्च करत नाहीत. फोन वाजतो, घरातला एकजण 'काय?' म्हणून खाली बसतो, आणि दुसऱ्या दिवशी भिंतीवर हार घातलेला फोटो. सगुणाकाकीला तीर्थयात्रेत मारायचं ठरलं. आत्याला फक्त फोटोसाठी एक दिवस बोलावलं. मी बरोबर गेले. चौफुल्यावरून एसटी, पारगावचा पूल, न्हावरं, तिथून पुढं युनिटची गाडी. दोन्ही बाजूंना तुरे. उसाच्या मोळ्यांनी भरलेल्या गाड्यांमागं आमची एसटी रांगत होती. आत्या मांडीवर इरकलाची घडी घेऊन बसली होती आणि त्या गर्दीतही तिनं घडीला सुरकुती पडू दिली नाही.

फोटो काढताना फोटोग्राफरनं जरा प्रसन्न बघा म्हणून सांगितलं. एकच फोटो पुरला. मग मेकअपदादा कॅमेऱ्याच्या आड येऊन उभा राहिला. मेल्याचा शॉट झाला की त्याच माणसाचा एक हसण्याचा शॉट घ्यायची त्यांच्यात रीत आहे, नाहीतर अपशकुन होतो म्हणतात. आत्या बौद्ध, ती असलं काही मानत नाही. पण दादाचा चेहरा बघून ती हसली, आणि दादाच रडायला लागला.

निघायच्या आधी आम्हाला हॉलमधून जायचं होतं. तिथं सेटवरच्या पोऱ्यांनी भिंतीत खिळा आधीच ठोकून ठेवला होता. आत्या थबकली. चार पावलं मागं गेली, कॅमेरा जिथं लागतो तिथं उभी राहिली, एक डोळा मिटून बघितलं. "हितं नगं," ती म्हणाली. "हितं जिन्यावरनं कुनी उतरलं की आड येतंय. दीड वीत डावीकडं घ्या. आन् थोडं खाली." त्यांनी खिळा उपटून सांगितलं तिथं ठोकला. सूचना देताना तिचा आवाज इतका साधा होता की मी बाहेर ओट्यावर जाऊन बसले.

भाग लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी वरवंडच्या बायका आल्या. मयताच्या घरी चूल पेटत नाही म्हणून आणतात तसं पिठलं-भाकरी फडक्यात बांधून. त्यांना ठाऊक होतं की आत्या जिवंत आहे, समोर बसली आहे. तरी आणलं. निम्म्या हसत होत्या, निम्म्या डोळे पुसत होत्या. सोनाबाईनं आत्याच्या पुढ्यात ताट सरकवलं आणि म्हणाली, "खा. तुजंच मयत हाय, लाजायचं काय त्यात." आत्या पोटभर जेवली. माझ्याशी सोनाबाई त्यानंतर वर्षभर बोलली नाही. ते बरोबरच होतं.

त्यानंतर आत्याला काम आलं नाही. एक-दोन फोन आले, तारखा ठरल्या नाहीत. गुडघे दुखतात, ती दौंडलाच असते. ट्रंक खाटेखाली आहे, डांबराच्या गोळ्या घातलेली. मी अजून पत्रकं लिहिते. 'आणि इतर' कुणी लिहिलं, ट्रे कुणाच्या हातात दिला, हा प्रश्न मी सोडलेला नाही, सोडणारही नाही. फक्त आमच्या संघटनेत आता एक नियम आहे. ज्याच्या बाजूनं पत्रक लिहायचं त्याला ते आधी वाचून दाखवायचं, आणि तो नको म्हणाला तर छापायचं नाही. या नियमामुळं आमची काही झणझणीत पत्रकं वाया गेली. हा लेखही मी आत्याला वाचून दाखवला. तिनं दोन विशेषणं काढायला लावली, दोन्ही तिच्याबद्दलची होती.

मालिका मात्र चालूच आहे. सुना बदलल्या, एक दिग्दर्शक गेला, दुसरा आला, सोफा नवा आला. भिंतीवर सगुणाकाकी आहे. चार वर्षं रोज साडेसातला ती तिथं असते. जिन्यावरून कुणीही उतरो, कुणीही भांडो, ती आड जात नाही. नावांमध्ये तिची चौकट नाही. फोटोला नाव लागत नाही, असं सांगतात. वरवंडच्या ढाब्यावर आता वीज असते, बायका आपापल्या घरी बघतात, आणि सोनाबाई, आता माझ्याशीही बोलते ती, मला सांगते की लोक फोटोतलं तोंड बघतात, मी काठ बघते.

गेल्या आठवड्यात मी पारगावहून दौंडला गेले तेव्हा केसांत तुऱ्याची पिसं होती. आत्यानं ती एकेक करून काढली. साडेसात वाजले. मालिकेत धाकट्या मुलाचं लग्न होऊन नवी सून घरात आली होती. सगळ्या मोठ्यांच्या पाया पडून झाल्यावर कुणीतरी तिला भिंतीकडं नेलं. पोरगी नवखी होती, कॅमेरा कुठं आहे ते तिला अजून कळत नव्हतं. ती फोटोपुढं वाकली, पदर सावरताना थोडी अडखळली, आणि वाकलेलीच राहिली.

माझ्या शेजारी खाटेवर आत्याचा उजवा हात गोधडीतून बाहेर आला होता. तळवा खाली, बोटं किंचित सैल, त्या पोरीच्या डोक्याच्या उंचीवर. मी तिच्याकडं पाहिलं, पण तिची नजर पडद्यावरून हलली नाही. पोरीला उठायला फार वेळ लागला. ती उठून उभी राहीपर्यंत आत्यानं हात खाली घेतला नाही.